मौन आणि शलाका

भिक्खुसंघाच्या कार्यपद्धतीत मौन ही संमती मानली जाई. ञत्ति मांडावी, महत्त्वाच्या कामी अनुस्सावन तीनदा करावे. ज्यास अमान्य असेल त्याने बोलावे, इतरांनी मौन राहावे. रीत सुटसुटीत खरी. परंतु शेजारचा गप्प आहे म्हणजे त्याला पटले आहे, असे प्रत्येकाने समजावे आणि फारसे कोणालाच न पटलेले सर्वांच्या नावे मंजूर व्हावे, हा धोका तिच्यात उरतोच. अमेरिकेत फ्लॉइड ऑलपोर्ट व डॅनियल कॅट्झ यांनी १९३१ साली या सामूहिक गैरसमजाला शास्त्रीय नाव दिले.

विनयकारांस तो जाणवला असावा, असे आम्हांस वाटते. चुल्लवग्गाच्या समथक्खन्धकात, बहुमताने वाद मिटविताना, शलाका घेण्याचे तीन प्रकार सांगितले आहेत: गुप्त, कानात सांगून व उघड. गुप्त प्रकारात सलाकगाहापकाने वेगवेगळ्या रंगांच्या शलाका घेऊन एकेका भिक्खूकडे जावे, कोणती कोणत्या मताची ते सांगावे, हवी ती घेऊ द्यावी. आणि घेतलेली कोणास दाखवू नकोस, असे बजावावे. हे बजावणे फार बोलके आहे. ज्येष्ठांच्या मुद्रेकडे पाहून मत बनविणारे तेव्हाही असणारच!

बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत संघाच्या संसदीय रीतींचा उल्लेख केला, त्यात गुप्त मतदानही होते. तथापि, आजच्या मतपेटीशी त्याची सरसकट तुलना करणे आम्हांस रुचत नाही. अधम्मवादी अधिक भरल्यास शलाका 'दुग्गह' ठरवून परत घ्याव्यात, असेही तेथेच सांगितले आहे. म्हणजे मनातले मत सलाकगाहापकास कळे. ते संघापुढे येईलच, असे नव्हते.