सुरोखार, खार आणि चुना

छत्रपती संभाजीनगरच्या क्रांती चौकात, ज्या ठिकाणाला जुनी मंडळी अजूनही काळा चबुतरा म्हणतात, तेथे १८५७ च्या उठावात पकडल्या गेलेल्या शिपायांना देहान्त शासन झाले. ते हैदराबाद कंटिंजंट या फौजेच्या रिसाल्यातील स्वार होते. आपल्याला निजामाच्या मुलखाबाहेर दिल्लीवर चालून जाण्याचा हुकूम होणार, अशी कुणकुण लागताच जून महिन्यात त्यांनी बंडाचा पवित्रा घेतला, पुण्याकडून निघालेली जनरल वुडबर्नची फौज महिना सरण्यापूर्वी छावणीत येऊन थडकली, आणि पुढे जे निकाल लागले त्यांत फाशी होती, बंदुकीची गोळी होती, आणि तोफेच्या तोंडी देणेही होते. या घटनेचे राजकीय अंग पुष्कळांनी उलगडले आहे. माझे कुतूहल त्या तोफेत ठासलेल्या दारूविषयी आहे. दारूच्या १०० भागांत सुमारे ७५ भाग सुरोखार, १५ कोळसा आणि १० गंधक. सुरोखार हा पोटॅशियम नामक धातूचा क्षार. आणि तो धातू मनुष्याच्या दृष्टीस प्रथम पडला, त्याला त्या साली अवघी पन्नास वर्षे होत होती.

लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये हंफ्री डेव्ही याने ऑक्टोबर १८०७ मध्ये पोटॅशमधून विद्युत्प्रवाह सोडला, तेव्हा ऋणाग्राशी पाऱ्यासारखे चकाकणारे बारीक गोळे दिसू लागले, त्यांतले काही तेथल्या तेथे पेटून गेले, आणि हा अठ्ठावीस वर्षांचा प्राध्यापक, त्याच्या चुलतभावाने लिहून ठेवल्याप्रमाणे, हर्षाने खोलीभर नाचू लागला. थोड्याच दिवसांत त्याने सोडियम वेगळा केला. पुढल्या वर्षी कॅल्शियम, बेरियम, स्ट्रॉन्शियम व मॅग्नेशियम. हे धातू इतका काळ दडून राहिले याचे कारण त्यांच्या स्वभावात आहे. हवा, पाणी, आम्ल, जे भेटेल त्याच्याशी संयोग पावल्यावाचून त्यांना राहवत नाही. पोटॅशियमचा तुकडा पाण्यावर टाकला तर जांभळट ज्योतीने जळत सैरावैरा धावतो, म्हणून तो तेलात बुडवून ठेवावा लागतो. निसर्गात ते सुटे सापडत नाहीत. त्यांच्याशी मनुष्याचा जो व्यवहार शतकानुशतके झाला तो सारा त्यांच्या क्षारांमार्फत. आणि आमच्या प्रांतात त्या व्यवहाराची दखल रसायनशास्त्राने घेण्यापूर्वी कितीतरी आधी सरकारी दफ्तराने घेतलेली आहे.

सुरोखार काढण्याची जुनी रीत पाहिली म्हणजे डेव्हीपूर्वीच्या कारागिरांविषयी आदर वाटल्यावाचून राहत नाही. पडक्या गावठाणांतली, गोठ्यांतली, भिंतींच्या पायथ्याची पांढरी फुललेली माती खरवडून आणायची, हौदात दाबून भरायची, वरून पाणी सोडून खाली झिरपलेले खारे पाणी धरायचे, आणि ते कढईत आटवून थंड होऊ द्यायचे, की लांबट स्फटिक धरू लागतात. परंतु त्या पाण्यात कॅल्शियमचाही नायट्रेट पुष्कळ असतो, तो हवेतील ओल ओढतो, आणि अशा खाराची दारू ऐन वेळी सर्द होऊन दगा देते. यावर तोड म्हणून लाकडाची राख घालीत. राखेतील पोटॅशियम कॅल्शियमची जागा घेते आणि कॅल्शियम चुन्याचा गाळ होऊन तळाशी बसते. एका धातूच्या जागी दुसरा बसविण्याचा हा प्रकार ज्यांनी नित्य केला त्यांना दोहोंपैकी एकाचेही नाव ठाऊक नव्हते. सुश्रुतसंहितेतील क्षारपाकाचा विधीही याच जातीचा: वनस्पतींच्या राखेचे पाणी भाजलेल्या चुनखडीबरोबर व शंखशिंपल्यांबरोबर कढवून दाहक क्षार करायचा, आणि तो लोखंडी भांड्यात तोंड बंद करून ठेवायचा.

दफ्तराची गोष्ट निघाली की लोणारला जावे लागते. या शहरापासून सुमारे दीडशे किलोमीटरवर, काळ्या पाषाणात उल्कापाताने पडलेल्या विवरात जे सरोवर आहे, त्यात पाणी येण्याच्या वाटा आहेत, जाण्याची नाही. सूर्य ते शोषून घेतो आणि पाषाण झिजून आलेला सोडियम कार्बोनेट व मीठ यांच्या रूपाने मागे राहतो. अबुल फज़लाने आईने अकबरीत वऱ्हाड सुभ्याच्या वर्णनात या जागेची नोंद करताना क्षेत्राचे माहात्म्य सांगितले आहे, आणि त्याच दमात काच व साबण यांना लागणारी द्रव्ये येथे निघतात व सरकारला त्यांपासून चांगला वसूल होतो, हेही सांगितले आहे. उन्हाळ्यात पाणी ओसरले म्हणजे काठावरचा व तळाचा खार गोळा होई, आणि काढणारे लोक त्याची दल्ला, निमक, खुप्पल, पापडी, भुसकी अशी प्रतवारी लावीत. त्यातून कोणी बांगड्यांची काच ओती, कोणी साबण करी, कोणी कापडाचा रंग पक्का करी. कार्बोनेट किती आणि मीठ किती, याचा निवाडा हाताला लागणारा खडा आणि जिभेला लागणारी चव यांवर होत असे.

येथे एक योग सांगण्यासारखा आहे. १८५३ च्या तहाने निजामाने वऱ्हाड कंपनी सरकारच्या हवाली केले ते हैदराबाद कंटिंजंटच्या खर्चाची तजवीज म्हणून. लोणारही त्याच मुलखात. तेव्हा सरोवराच्या खाराची एखादी पै काळ्या चबुतऱ्यावर आणलेल्या स्वारांच्या दरमहात पडली असणे असंभाव्य नाही. पुढे लोणारच्या धंद्याला उतरती कळा लागली, तिला कारण विलायती सोडा. फ्रान्समध्ये लब्लाँने १७९१ मध्ये आणि बेल्जियममध्ये सॉल्व्हेने १८६० नंतरच्या दशकात मिठापासून सोडा करण्याच्या कृती बसविल्या, आणि कारखान्यातल्या स्वस्त, निर्भेळ मालापुढे उन्हात वाळणाऱ्या खड्याचा टिकाव लागेना. आज ते सरोवर अभयारण्य आहे, २०२० पासून रामसर यादीतही आहे. त्याच वर्षी जूनमध्ये पाणी गुलाबी झाले तेव्हा जी धावपळ उडाली, तिचा छडा क्षारात वाढणाऱ्या सूक्ष्म जीवांपर्यंत जाऊन लागला.

चुन्याचा संसार याहून मोठा. मीठ पिकविणारा तो मीठलोणारी आणि चुना भाजणारा तो चुनेलोणारी, असे एकाच जातीचे दोन व्यवसाय आपल्याकडे होते. आता वाटते, सोडियम आणि कॅल्शियम ही दोन दालने त्या एका घरातच मांडली होती. भट्टीत चुनखडी भाजून कळीचा चुना काढायचा, तो पाण्यात विरवायचा, बैलघाणीत वाळूबरोबर मळायचा, आणि त्यात गूळ, बेलफळ, हिरडा यांचे पाणी घालायचे, अशा गाऱ्यावर या शहरातील पुष्कळ जुनी बांधकामे उभी आहेत. बीबी का मकबरा हे त्यातले मानाचे उदाहरण. गुलाम मुस्तफाच्या तारीखनाम्यात त्याचा खर्च ६,६८,२०३ रुपये ७ आणे असा दिला आहे. एवढ्यात संगमरवर पुरणार किती? म्हणून तो इजाऱ्यापर्यंत आणि घुमटाला वापरून बाकीच्या अंगावर गचकाम केले, आणि तेव्हापासून आजतागायत प्रवासी लोक या गिलाव्याकडे पाहून ताजमहालाची आठवण काढतात व नाक मुरडतात. हा अन्याय आहे. भाजताना चुनखडीतून जो वायू निघून जातो, तोच गिलावा हवेतून सावकाश परत घेतो आणि पुन्हा कॅल्शियम कार्बोनेट होतो. म्हणजे मकबऱ्याचे रचनाकार अताउल्लाह आणि हंसपत राय यांच्या गवंड्यांनी लावलेला लेप, रसायनाच्या दृष्टीने, शेजारच्या संगमरवराचाच सख्खा भाऊ आहे. वरचा घुमट मकराण्याच्या डोंगरात घडला, खालची भिंत येथल्या भट्टीत, एवढाच काय तो भेद.

बेरियम व स्ट्रॉन्शियम यांची ओळख आपल्याला दिवाळीपुरती: हिरवी ज्योत बेरियमची, तांबडी स्ट्रॉन्शियमची. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये फटाक्यांतील बेरियमच्या क्षारांना मनाई केली. आणि या शहराला २०१६ च्या दिवाळीच्या तोंडावर जिल्हा परिषदेच्या मैदानावरील फटाका बाजारात लागलेली आग विसरता येण्यासारखी नाही.

उरला लिथियम. स्वीडनच्या आर्फवेडसनने १८१७ मध्ये एका खनिजात तो ओळखला. आपल्याकडे त्याचा ना खार, ना लोणारी, ना आईने अकबरीत उल्लेख. पण शहराजवळच्या बिडकीनच्या ऑरिक वसाहतीत एथर एनर्जीने विजेच्या स्कूटरचा कारखाना काढण्याचे २०२४ मध्ये जाहीर केले, आणि अशा स्कूटरीचा प्राण असतो लिथियमच्या बॅटरीत, तेव्हा या धातूशीही आता शहराचा संबंध जडणार. जम्मूतल्या रियासीत त्याचा अनुमानित साठा असल्याचे फेब्रुवारी २०२३ मध्ये सरकारने सांगितले. तेथे खाण सुरू झालेली नव्हती, लिलावही व्हायचा होता. आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात केंद्र सरकारने लिथियमवरील स्वामित्वधनाचा दर लंडनच्या बाजारभावाच्या ३ टक्के असा ठरवून टाकला.