टप्पे घेणारा बॉम्ब आणि भिंतीपलीकडचे पाणी

तळ्याच्या काठावरून चपटा दगड पाण्याला जवळजवळ समांतर भिरकावला, की बुडण्यापूर्वी तो तीन-चार टप्पे घेतो. हा खेळ आपण बहुतेकांनी लहानपणी खेळलेला असतो. तोच दगड उंचावरून टाकला तर ‘डुबुक’ करून सरळ तळाशी जातो. टप्पा पडायचा तर वेग पुरेसा हवा आणि पाण्याशी होणारा कोन लहान हवा. दुसऱ्या महायुद्धात या साध्या तत्त्वावर एक शस्त्र तयार झाले आणि ते वापरण्यासाठी ब्रिटिश हवाई दलाने जड बॉम्बफेकी विमानांची एक खास तुकडी उभारली. ६१७ क्रमांकाची ही स्क्वाड्रन. वर्तुळाकार गती आणि ऊर्जा शिकवताना मी तिची गोष्ट अनेकदा सांगत आलो आहे. मात्र ती सांगताना बरीच वर्षे मी चुकीच्या ठिकाणी थांबत होतो.

जर्मनीच्या रूर भागातील पोलादाच्या कारखान्यांना प्रचंड पाणी लागे. ते पुरवणाऱ्या धरणांपैकी म्योने आणि झोर्पे ही दोन मोठी. पूर्वेला एडर हे त्याहून मोठे धरण होते. म्योनेची दगडी भिंत ४० मीटर उंच आणि पायथ्याशी सुमारे ३४ मीटर जाड. स्वतःच्या वजनावर पाण्याचा रेटा पेलणारी ही भिंत वरून टाकलेल्या साध्या बॉम्बने फुटणे शक्य नव्हते. विमानाचे अभियंते बार्न्स वॉलिस यांनी वेगळा विचार केला. पाण्याखाली, भिंतीला अगदी टेकून स्फोट झाला, तर मागचे पाणी तो दाबून धरील आणि त्याचा धक्का भिंतीत शिरेल. वेल्समधील नांट-इ-ग्रो या वापरात नसलेल्या छोट्या धरणावर १९४२ मध्ये प्रयोग झाला आणि कल्पना बरोबर निघाली. भिंतीपासून थोडे दूर झालेले स्फोट मात्र वाया गेले.

आता बॉम्ब भिंतीपर्यंत न्यायचा कसा? पाण्यात टॉर्पेडो अडवणाऱ्या जाळ्या होत्या. त्या ओलांडायच्या तर टप्पे घेत जायला हवे. वॉलिस यांनी घराच्या अंगणात टबातल्या पाण्यावर मुलांच्या गोट्या उडवून पहिले प्रयोग केले. त्यातून पुढे तयार झाला तो सुमारे ४२०० किलोचा पिंपासारखा बॉम्ब. त्यात सुमारे ३००० किलो स्फोटक होते. टाकण्यापूर्वी त्याला विमानातच मिनिटाला ५०० फेरे अशी उलटी गिरकी दिली जाई. उलटी म्हणजे बॉम्बचा वरचा भाग मागे आणि खालचा भाग पुढे जाईल अशी. त्यामुळे तो पाण्यावर स्थिर राही. शिवाय भिंतीवर आदळल्यावर दूर न उसळता तिला चिकटूनच खाली उतरे. सुमारे ९ मीटर खोलीवर पाण्याच्या दाबाने खटका सुटे आणि स्फोट होई.

सुरुवातीच्या चाचण्यांत सुमारे ४५ मीटर उंचीवरून टाकलेल्या बॉम्बची आवरणे पाण्यावर आपटून फुटली. का, ते आपल्याला काढता येते. ४५ मीटर खाली येताना उभा वेग सेकंदाला सुमारे ३० मीटर होतो. विमानाचा आडवा वेग सेकंदाला सुमारे १०४ मीटर धरला, तर पाण्याशी कोन होतो १६ अंश. उंची १८ मीटरवर आणली की उभा वेग १९ मीटर आणि कोन जेमतेम १० अंश. म्हणून वॉलिस यांनी वैमानिकांकडे १८ मीटर उंचीची मागणी केली. म्हणजे सहा मजली इमारतीच्या उंचीवरून, रात्री, चार इंजिनांचे लँकेस्टर विमान न्यायचे! इतक्या खाली विमानाच्या उंचीमापकाचा भरवसा धरता येत नव्हता. त्यावर उपाय निघाला तो भूमितीचा. विमानाखाली दोन दिवे अशा कोनात बसवले, की १८ मीटर उंचीवर त्यांचे ठिपके पाण्यावर एकमेकांना टेकावेत. अंतर मोजायला दोन खिळे ठोकलेला लाकडी त्रिकोण होता. धरणावरचे दोन मनोरे खिळ्यांच्या रेषेत आले की बॉम्ब सोडायचा. समरूप त्रिकोणाचा याहून सरळ उपयोग क्वचितच सापडेल.

मार्च १९४३ मध्ये तुकडी स्थापन झाली. प्रमुख गाय गिब्सन अवघे २४ वर्षांचे होते. १६ मेच्या रात्री इंग्लंडमधील स्कॅम्प्टन तळावरून १९ विमाने निघाली. प्रत्येकात सात, म्हणजे एकूण १३३ माणसे. म्योने पाचव्या बॉम्बने फुटले, त्यानंतर एडरही फुटले. झोर्पेचे धरण मात्र टिकले. ते मातीचे होते, मध्ये काँक्रीटचा गाभा. दगडी भिंतीसाठी आखलेली युक्ती तिथे चालणारी नव्हती. आठ विमाने परतली नाहीत. ५३ जण मृत्यू पावले, तिघे कैद झाले.

मी गोष्ट थांबवत असे ती इथे, भिंतीला खिंडार पडले तिथे. पण ऊर्जेचा हिशेब तिथे संपत नाही. म्योनेतून ११ कोटी घनमीटरहून अधिक पाणी वाहून गेले. ते सरासरी फक्त १० मीटर खाली आले असे धरले, तरी मोकळी झालेली ऊर्जा पाचही बॉम्बमधील स्फोटकांच्या एकत्रित ऊर्जेच्या शंभरपट भरते. म्हणजे बॉम्ब ही फक्त किल्ली होती. खरा मारा केला तो भिंतीमागे साठलेल्या पाण्याने, आणि योजनाही तीच होती.

हे पाणी खालच्या खोऱ्यात शिरले. नेहाइम गावाजवळ सक्तमजुरांची छावणी होती. जर्मनांनी व्यापलेल्या पूर्वेकडील देशांतून, विशेषतः सोव्हिएत संघातून, पकडून आणलेल्या तरुण स्त्रिया तिथे कोंडलेल्या होत्या. त्यांना पळायला वाट नव्हती. त्या रात्रीच्या पुरांत सुमारे १६०० माणसे गेली. त्यांतील सुमारे हजार जण सक्तमजूर आणि युद्धकैदी होते. ज्यांच्या सुटकेसाठी हे युद्ध चालले होते, त्यांच्यापैकीच ही माणसे. पुढे धरणांची दुरुस्तीही मोठ्या प्रमाणावर सक्तमजुरांकडून करून घेतली गेली. सप्टेंबर अखेरपर्यंत खिंडारे बुजली. दुरुस्ती चालू असताना ब्रिटिशांनी पुन्हा हल्ला केला नाही. कारखान्यांचे नुकसान झाले, पण योजनेत अपेक्षिले होते तितके टिकाऊ नव्हे.

६१७ स्क्वाड्रनने पुढे वॉलिस यांचेच पाच आणि दहा टनी बॉम्ब वापरले. नोव्हेंबर १९४४ मध्ये ९ स्क्वाड्रनच्या साथीने ‘टिर्पिट्झ’ ही युद्धनौका बुडवली. युद्ध संपल्यावर, १९४६ च्या सुरुवातीला, काही महिने ती बंगालमधील दिग्री तळावरही होती. तिचे एक प्रमुख लेनर्ड चेशायर यांनी ऑगस्ट १९४५ मध्ये नागासाकीवरचा अणुस्फोट निरीक्षक म्हणून विमानातून पाहिला. पुढचे आयुष्य त्यांनी अपंग आणि असाध्य रुग्णांची निवासस्थाने उभारण्यात घालवले. अशी निवासस्थाने भारतातही उभी राहिली. ५३ मृत्यूंचे दुःख वॉलिस यांना कायम सलत राहिले. १९५१ मध्ये शोधांबद्दल मिळालेले दहा हजार पौंड त्यांनी आपल्या जुन्या शाळेत, हवाई दलातील मृतांच्या मुलांच्या शिक्षणासाठी दिले. आणि १९७७ मध्ये जिनिव्हा करारांना जोडलेल्या पहिल्या पुरवणी करारातील ५६ व्या कलमाने, नागरिकांची मोठी हानी होणार असेल तर धरणांवरच्या हल्ल्याला बंदी घातली.

फळ्यावर ही आकृती काढताना आपण डावीकडे विमान, मध्ये टप्प्यांची वक्ररेषा आणि शेवटी भिंत काढतो. त्या भिंतीच्या उजवीकडे थोडी जागा ठेवावी. तिथे नदी काढावी, नदीकाठचे गाव काढावे आणि मुलांना विचारावे, की हे पाणी आता कुठे जाईल? हा प्रश्नही भौतिकशास्त्राचाच आहे.