मराठवाड्यातील पुनर्वसन (१९४८ नंतरचे)

हैदराबाद संस्थानातील मराठवाड्यात १९४७-४८ मध्ये रझाकार संघटनेचे अत्याचार व त्यांना झालेला प्रतिकार यांमुळे यादवीसारखी स्थिती निर्माण झाली. अनेक कुटुंबे गाव सोडून मुंबई व मध्य प्रांतांच्या हद्दीत गेली. १३ ते १७ सप्टेंबर १९४८ च्या पोलीस कारवाईनंतर ती परतू लागली. वडीगोद्री, शहागड ही गावे असलेला अंबड तालुका तेव्हा औरंगाबाद जिल्ह्यात होता. जालना जिल्हा १९८१ मध्ये झाला.

पुनर्वसनाची ही एकच बाजू होय. कारवाईनंतर मुस्लिम वस्त्यांवर सूड उगविण्यात आला. केंद्र शासनाने पाठविलेल्या पंडित सुंदरलाल समितीने एकूण मृतांचा अंदाज २७ ते ४० हजार दिला. औरंगाबाद, बीड, नळगोंडा व मेदक या चार जिल्ह्यांत मिळून किमान ५ हजार माणसे मारली गेली, असे तिचे मत होते. हा अहवाल २०१३ पर्यंत जनतेसमोर आला नाही. त्यामुळे सीमेपलीकडून परतलेल्यांच्या आठवणी मुक्तिसंग्रामाच्या इतिहासात समाविष्ट झाल्या, तर विधवा व अनाथ झालेल्या मुस्लिम कुटुंबांची नोंद त्या मानाने फारच थोडी राहिली. मात्र हिंदू विणकरांनी प्राण धोक्यात घालून मुस्लिम विणकरांना वाचविल्याचा, तसेच पळवून नेलेल्या स्त्रियांच्या शोधात अनेक हिंदूंनी साहाय्य केल्याचा निर्वाळाही याच अहवालात आहे.

गावी परतलेल्या कुणब्यापुढे रब्बीची पेरणी उभी होती. घर पुन्हा उभारणे एक वेळ लांबविता येई. बैल व बियाणे यांची तजवीज मात्र थांबत नसे. जमिनीचा प्रश्न अधिक चिवट ठरला. १९४९ मध्ये जहागिरी रद्द झाल्या आणि १९५० च्या कूळ कायद्याने संरक्षित कुळांना हक्क मिळाले. तथापि अ. म. खुस्रो यांच्या १९५८ च्या पाहणीनुसार अनेक संरक्षित कुळांनी थोड्याच वर्षांत जमीन सोडली होती, काहींनी तर ‘स्वेच्छेने’. ही स्वेच्छा कितपत खरी, हा प्रश्नच आहे.

जहागिरी व संस्थानी फौजा मोडल्याने त्यांवर पोट असणाऱ्यांची उपजीविका गेली. त्यांत मुस्लिमांचे प्रमाण मोठे होते. उर्दूचे राजभाषेचे स्थान गेल्याने उर्दू शिकलेल्या कारकुनासही नव्याने सुरुवात करावी लागली. बाजारात हाली सिक्का व भारतीय रुपया (सात हाली रुपये म्हणजे सहा भारतीय रुपये) काही वर्षे एकत्र चालले. हाली चलन १९५९ मध्ये बंद झाले. तत्पूर्वी, १९५६ मध्ये मराठवाडा मुंबई राज्यात समाविष्ट करण्यात आला होता.