स्वतंत्रपूरचा धडा

कैद्यामागें तुरुंगाचा दरवाजा बंद झाला म्हणजे समाज निश्चिंत होतो. परंतु तोच दरवाजा उघडून तो बाहेर पडेल तेव्हां कोणाच्या दारीं जाईल, याचा विचार आपल्याकडे क्वचितच होतो. म्हणून औंध संस्थानांतील एका प्रयोगाचें स्मरण करून देणें आम्हांस अगत्याचें वाटतें.

१९३९ सालीं औंधचे अधिपति भवानराव पंतप्रतिनिधि यांनीं राज्यकारभार प्रजेच्या हातीं सोपविला. त्याच सुमारास, मॉरिस फ्रीडमन ऊर्फ भारतानंद या पोलिश इंजिनियराच्या प्रेरणेनें, आटपाडीजवळ स्वतंत्रपूर ही कैद्यांची वसाहत उभी राहिली. खुनासारख्या गुन्ह्यांबद्दल शिक्षा भोगणारे लोक तेथें तटावांचून राहूं लागले. कसावयास जमीन होती. आणि मुख्य म्हणजे बायकामुलांसह राहण्याची मुभा होती. पळावयास वाट मोकळी होती, हें खरें. परंतु जेथें आपली चूल पेटली आहे, तेथून पळून जावयाचें तरी कोठें?

पुढें १९५७ सालीं व्ही. शांताराम यांच्या ‘दो आँखें बारह हाथ’ या चित्रपटानें हा प्रयोग सर्वतोमुखीं केला. त्याचे लेखक ग. दि. माडगूळकर हे त्याच माणदेशचे. त्या कथेंत सहा कैद्यांना सांवरून धरते ती जेलरची नजर. कथेस तें शोभतें. इतिहास मात्र थोडें निराळें सांगतो. १९४८ सालीं औंध संस्थान विलीन झालें. राजेसाहेब गेले, फ्रीडमनही गेले. तरी सांगली जिल्ह्यांतील ती वसाहत आजही चालू आहे. ती एकट्या थोर पुरुषाच्या नजरेवर विसंबून असती तर त्याच्यामागें टिकती ना. आमच्या मतें तिला तारलें तें घर, शेत आणि रोजचें काम यांनीं.

अशा वसाहतींत थोड्यांचीच सोय होते, हा आक्षेप रास्त आहे. बहुसंख्य कैदी उंच भिंतींआडून थेट गांवच्या वेशींत येतात. न्यायालयानें दिलेली शिक्षा त्या दिवशीं संपते. गांवानें दिलेली तेथून सुरू होते. कोणी काम देत नाहीं, कोणी ओसरीवर बसूं देत नाहीं. मग तो पुन्हां वाममार्गास लागला, तर सारा दोष त्याच्याच माथीं कसा मारावा?

स्वतंत्रपुरास तट नव्हता. आपल्या मनांतला तट पाडण्यास मात्र कोणा संस्थानिकाच्या हुकुमाची गरज नाहीं.