जप्तीची नोंद कमी करणे (फौजदारी)

फौजदारी न्यायालयाने जमिनीवर आणलेली जप्ती उठल्यावर तिची नोंद अधिकार अभिलेखातून काढण्याची कार्यवाही. महाराष्ट्रात शेतजमिनीची अशी नोंद सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ रकान्यात असते, नगर भूमापन झालेल्या मिळकतीची मिळकत पत्रिकेवर. नोंद चढते ती सरकारी टपालाने. शेतसारा भरणाऱ्या जमिनीची जप्ती जिल्हाधिकाऱ्यामार्फतच करावी, असे फौजदारी प्रक्रिया संहितेच्या (१९७३) कलम ८३ मध्ये म्हटले होते. तिच्या जागी १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत हा विषय कलम ८५ मध्ये आहे. आदेश जिल्हाधिकाऱ्याकडून तहसीलदारामार्फत तलाठ्याकडे येतो आणि फेरफार पडतो. नोंद उतरवायची वेळ आली की मात्र निकालाची नक्कल घेऊन खातेदारालाच कचेऱ्यांच्या पायऱ्या झिजवाव्या लागतात. ज्या वाटेने नोंद आली त्याच वाटेने ती मागे घेणे ही न्यायालयाचीच जबाबदारी मानली पाहिजे. मनी लाँडरिंग प्रतिबंधक कायद्याच्या (२००२) कलम ८(६) मध्ये हे तत्त्व स्पष्ट दिसते: खटल्याअंती गुन्हा घडला नाही किंवा मिळकतीचा त्याच्याशी संबंध नाही असे ठरले, तर मिळकत मोकळी करण्याचा आदेश विशेष न्यायालयानेच द्यायचा असतो.

आरोपी निर्दोष सुटला की जप्ती आपोआप गेली, मग तलाठ्याने निकाल वाचून नोंद का काढू नये, असे विचारले जाते. हे म्हणणे टिकत नाही. फरारी आरोपीच्या जमिनीवरची जप्ती गुन्ह्याची शिक्षा नसते. त्याला हजर करण्यासाठीचा तो दाब असतो. म्हणून उद्घोषणेतल्या मुदतीत तो हजर झाला, तर खटला चालू असतानाच मिळकत मोकळी करण्याचा आदेश व्हायला हवा. मुदत टळली तरी जप्तीपासून दोन वर्षांच्या आत हजर होऊन, आपण फरार नव्हतो आणि उद्घोषणा वेळेत कळली नाही, हे त्याला सिद्ध करता येते (जुने कलम ८५, नवे ८८). निर्दोषत्वाचा निकाल या प्रश्नाचे उत्तर देतोच असे नाही. तेव्हा केवळ निकालावरून नोंद काढायला नकार देणारा तलाठी आडमुठेपणा करत नसतो. निकालपत्राचा अर्थ लावणे त्याच्या अधिकारातच नाही. जप्ती उठवल्याचे स्पष्ट वाक्य निकालाच्या अंतिम आदेशात हवे.

ते वाक्यही नेमके हवे. ‘मिळकत मोकळी करण्यात यावी’ एवढ्याने काम भागत नाही. जुन्या आदेशात सर्व्हे नंबर असतो, एकत्रीकरणानंतर सातबाऱ्यावर गट नंबर आलेला असतो. मधल्या काळात वाटणी झाली असेल तर तीच जप्ती तीन पोटहिश्श्यांवर उतरलेली असते, अगदी खटल्याशी संबंध नसलेल्या भावाच्या हिश्श्यावरही. शिवाय नोंदीत दंडाधिकारी न्यायालयाचा खटला क्रमांक आणि निकालावर सत्र न्यायालयाचा, असे झाले की दोन्ही कागद एकाच प्रकरणाचे आहेत हे सिद्ध करण्याचे ओझे पुन्हा खातेदारावर येते. आदेशात गाव, गट, क्षेत्र आणि मूळ फेरफार क्रमांक लिहायला फार तर चार ओळी लागतात.

न्यायालयांवर आधीच कामाचा ताण आहे, हा आक्षेप खरा आहे; पण नंतर येणारे स्वतंत्र अर्ज त्या चार ओळींपेक्षा जास्त वेळ खातात. खातेदाराने आणलेली नक्कल बनावट असू शकते, ही महसूल खात्याची शंकाही रास्त आहे आणि न्यायालयाकडून थेट आलेले पत्र हाच तिच्यावरचा उपाय. अपिलाचे कारण मात्र तपासून घ्यावे लागते. वरिष्ठ न्यायालयाची स्थगिती असेल किंवा विशेष कायदाच अपील संपेपर्यंत जप्ती चालू ठेवत असेल, तर थांबणे योग्य. नुसते ‘अपील होऊ शकते’ म्हणून थांबण्याला आधार नाही. तोवर खातेदाराला बँक पीककर्ज देत नाही, गिऱ्हाईक पाठ फिरवते, कारण महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या (१९६६) कलम १५७ प्रमाणे, खोटी ठरेपर्यंत नोंद खरीच मानली जाते.

आदेश मिळाल्यावर काम कलम १५० खाली होते: नवा फेरफार, हितसंबंधितांना नोटीस, मग मंडळ अधिकाऱ्याचे प्रमाणन. कलम १५५ खाली ‘लेखन प्रमाद’ म्हणून अर्ज करण्याचा सल्ला चुकीचा आहे, कारण जप्तीची नोंद घेतली तेव्हा ती बरोबरच होती. नोंद काढली तर पुरावा पुसला जाईल ही भीतीही अनाठायी आहे. जुना फेरफार गाव नमुना सहामध्ये कायम राहतो. रद्द झालेली नोंद कंसात जाते आणि तिच्याखाली नव्या फेरफाराचा क्रमांक येतो.