पोलीस संरक्षण : मेहेरबानी नव्हे, हक्क

धमकी आलेल्या माणसाला आपल्याकडे पहिला सल्ला मिळतो, "काही दिवस गाव सोडा." कामाच्या निमित्ताने मी हे अनेकदा ऐकले आहे. धमकी देणारा गावात उजळ माथ्याने फिरणार आणि फिर्यादीने लेकरंबाळं घेऊन बाहेर पडायचे! याला संरक्षण म्हणायचे का? कोर्टाकडून संरक्षण मागण्याचा हक्क आपल्याला कसा मिळाला, तो इतिहास म्हणूनच माहीत हवा.

१९२७ चे महाड आठवा. नगरपालिकेच्या ठरावाने चवदार तळे कागदावर सर्वांना खुले होते. २० मार्चला बाबासाहेबांसोबत आपले लोक पाणी प्याले आणि त्याच दिवशी त्यांच्यावर लाठ्या चालल्या. डिसेंबरमध्ये पुन्हा सत्याग्रह ठरला, तेव्हा सनातनी मंडळी दिवाणी कोर्टात गेली. कोर्टाने तात्पुरता मनाई हुकूम दिला तो कोणाविरुद्ध? बाबासाहेब आणि त्यांच्या सहकाऱ्यांविरुद्ध! बाबासाहेबांनी हुकूम पाळला, खटला लढवला आणि १९३७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात तो जिंकला. पाण्याच्या हक्कासाठी दहा वर्षे लागली.

पुढे संविधान आले. कलम २१ ने जीविताची हमी दिली. पण हमी आणि गाव यांच्यामध्ये पोलीस ठाणे उभे होते. २९ सप्टेंबर २००६, खैरलांजी. सुरेखा भोतमांगे यांनी एका मारहाणीच्या प्रकरणात साक्षीदार म्हणून जबाब दिला होता. आरोपी जामिनावर सुटले आणि त्याच दिवशी सुरेखाताई, प्रियंका, रोशन आणि सुधीर यांची हत्या झाली. साक्ष देणाऱ्या बाईच्या दारात त्या दिवशी एकही पोलीस नव्हता.

मग कोर्टाने आदेश दिला असता तर जीव वाचला असता का? त्याचे उत्तर हरियाणात आहे. २००७ मध्ये कैथल जिल्ह्यातील मनोज आणि बबली यांनी सगोत्र विवाह केला. कोर्टाने त्यांना पोलीस संरक्षण दिले. सोबतचे पोलीस वाटेतच त्यांना सोडून गेले आणि दोघांचा खून झाला. खैरलांजीत आदेशच नव्हता. इथे आदेश होता, पण तो पाळणारा नव्हता.

यानंतर कायदा बदलला. अ‍ॅट्रॉसिटी कायद्यात १५-अ हे कलम आले आणि २६ जानेवारी २०१६ पासून पीडित, त्यांचे अवलंबित आणि साक्षीदार यांचे संरक्षण हे राज्याचे कर्तव्य ठरले. मार्च २०१८ मध्ये शक्ती वाहिनी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने जोडप्यांसाठी जिल्ह्याजिल्ह्यात विशेष कक्ष स्थापण्यास सांगितले आणि कुचराई करणाऱ्या अधिकाऱ्यावर खातेनिहाय कारवाईचे आदेश दिले. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये महेंद्र चावला खटल्यात साक्षीदार संरक्षण योजना देशभर लागू केली. त्यात जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालील समितीकडे अर्ज करता येतो आणि धोक्याचा अहवाल पोलीस उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याला द्यावा लागतो.

"इतके पोलीस आणायचे कुठून?" असे विचारणारे भेटतात. मंत्र्यांच्या ताफ्याला पोलीस कधी कमी पडल्याचे ऐकले आहे का? मनुष्यबळाचा प्रश्न नेमका आपल्या वस्तीच्या वेळीच निघतो. खरी गोची दुसरीच आहे. धोका किती, हे बहुतेक वेळा तेच ठाणे ठरवते ज्याने आधी तक्रार घ्यायला टाळाटाळ केलेली असते. शिवाय योजनेतले संरक्षण एका वेळी तीन महिन्यांपर्यंतचे आणि खटला मात्र वर्षानुवर्षे चालतो.

म्हणून आदेश हातात आला की लढाई संपली असे समजू नका. अर्ज लेखी द्या, पोच घ्या, कोणता अधिकारी जबाबदार आहे त्याचे नाव लेखी मागा, मुदत संपण्याआधी वाढीचा अर्ज करा. कर्तव्यात जाणूनबुजून कसूर करणाऱ्या लोकसेवकासाठी याच कायद्यात कलम ४ आहे, त्याची आठवण करून द्या. आदेशाचा कागद जीव वाचवत नाही. जीव वाचतो तो त्या कागदाला जबाब देणारे कोणीतरी असले तरच.

जय भीम!