आरोग्यापासून ग्रामसभेपर्यंत : कोरचीतील आदिवासी स्त्रियांचा लढा

वरोरा म्हटले की आनंदवन आठवते. बाबा आमटे यांनी १९४९ मध्ये महारोगी सेवा समिती स्थापन केली आणि याच संस्थेने १९७३ मध्ये भामरागडच्या जंगलात, हेमलकसा येथे, माडिया गोंडांसाठी लोकबिरादरी प्रकल्प सुरू केला. चंद्रपूर-गडचिरोलीच्या आरोग्यकार्याचा हा सर्वश्रुत अध्याय. त्यात डॉक्टर बाहेरून आला आणि आदिवासींमध्ये राहिला. याच वनप्रदेशात दुसरा, काहीसा अपरिचित प्रवाह आहे. त्यात आरोग्याचा प्रश्न गावातील स्त्रियांनीच मांडला. कोरची तालुक्यातील गोंड कार्यकर्त्या कुमारीबाई जमकातन हे त्यातील ठळक नाव.

कोरची हा गडचिरोली जिल्ह्याचा छत्तीसगडला लागून असलेला, गोंड आणि कंवर वस्तीचा तालुका. शेजारच्या कुरखेड्यात १९८४ मध्ये डॉ. सतीश गोगुलवार आणि शुभदा देशमुख यांनी संस्था उभारली. तिचे नावच 'आम्ही आमच्या आरोग्यासाठी'. कुमारीबाईंचे काम या संस्थेशी जोडलेले राहिले. (याच विचाराने ऑस्ट्रेलियातील आदिवासींनी १९७१ मध्ये सिडनीच्या रेडफर्न भागात स्वतःचे दवाखाने चालवायला घेतले होते.)

स्त्रियांचे दुखणे किती दडलेले होते, हे डॉ. राणी बंग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गडचिरोलीतील दोन गावांत केलेल्या पाहणीने दाखवून दिले. १९८९ मध्ये 'लॅन्सेट'मध्ये ती प्रसिद्ध झाली. तपासलेल्या ६५० स्त्रियांपैकी ९२ टक्के स्त्रियांना स्त्रीरोग होते. त्यासाठी पूर्वी कधी तपासणी झालेल्या स्त्रिया जेमतेम ८ टक्के. जे दुखणे बोलायचेच नाही, त्यावर उपचार मागणार कोण?

स्त्रिया एकत्र बसून बोलू लागल्या की चर्चा औषधापाशी थांबत नाही. पहिला विषय निघतो दारूचा. जिल्ह्यातील दीर्घ आंदोलनानंतर १९९३ मध्ये गडचिरोलीत दारूबंदी झाली. पण मोहाचे फूल येथे अन्नही आहे, उत्पन्नही आणि पूजेचा भागही. त्यामुळे हा प्रश्न शहरातून दिसतो तितका सरळ नव्हता. मग येते जंगल. मोहफूल, तेंदूपाने, रानभाज्या, कंद, वनौषधी यांवर घर चालते आणि त्या गोळा करण्याचे बरेचसे काम बाईच करते. जंगलावर हक्क नसेल तर ताटात काय पडणार, हा आरोग्याचाच प्रश्न ठरतो.

२००६ च्या वनहक्क कायद्याने या प्रश्नाला कायदेशीर बळ दिले. वैयक्तिक पट्टा पती-पत्नी दोघांच्या नावे व्हावा, अशी तरतूद त्यात आहे. सामूहिक हक्क मात्र ग्रामसभेला मिळतो. धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) गावाने २००९ मध्ये तो मिळवून वाट दाखवली. कोरचीतही गावोगावच्या ग्रामसभांनी हक्क मिळवले आणि पुढे त्यांची महाग्रामसभा उभी राहिली. जुन्या इलाका सभांमध्ये निर्णय पुरुषच घेत. महाग्रामसभेत स्त्रियांनी जागा मागून घेतली आणि प्रत्येक ग्रामसभेच्या प्रतिनिधींत पुरुषांबरोबर स्त्रियाही आल्या. तेंदूपानांच्या लिलावाचे पैसे कुठे जातात, हे विचारण्याचा अधिकार त्यातून आला. अधिकार मिळाला म्हणून घरातील कामाचा बोजा हलका झाला असे नाही. सभेला जाण्याआधी चूल पेटवावीच लागते.

या संघटनेची कसोटी झेंडेपारच्या डोंगराने घेतली. डोंगरात लोहखनिज आहे आणि तेथील देवस्थान गोंडांना पूज्य आहे. खाणीला ग्रामसभांनी विरोध केला, त्यात स्त्रिया आघाडीवर होत्या.

जिल्ह्यातील कुर्माघराचा प्रश्न याहून नाजूक आहे. मासिक पाळीत गोंड-माडिया स्त्रियांना गावाबाहेरच्या झोपडीत राहावे लागते. बहुतेक झोपड्या पडक्या, पावसात गळणाऱ्या. राष्ट्रीय मानवाधिकार आयोगाने २०१५ मध्ये ही प्रथा थांबवण्यास राज्य सरकारला सांगितले. तरी २०२१ मध्ये मुंबईच्या एका संस्थेच्या मदतीने काही गावांत कुर्माघरे पक्की बांधली गेली. त्यांत पलंग, शौचालय, पाणी आणि वीज आली. पक्के घर बांधल्याने प्रथाच पक्की होते, असा आक्षेप कार्यकर्त्यांनी घेतला. तो रास्तच. मात्र सापाच्या भीतीने रात्र जागून काढणाऱ्या बाईसाठी दाराला कडी असलेली खोली ही आजची गरज आहे. ती हवी की नको, हे तिलाच विचारावे लागेल.